दृष्टांत ज्याला झाला, त्याच्यापुरता

"देवाने दृष्टांत दिला" असं कुणी म्हटलं की मुंबईत त्याच्यापुढचं बोलणं बंद होतं. सोसायटीची मीटिंग असो, मंडळाची असो, नाहीतर वॉर्ड ऑफिसात गेलेले चार लोक असोत, हे वाक्य आलं की सगळे गप्प, ज्याला पटलेलं नसतं तोही हात जोडतो आणि बाहेर आल्यावर बाजूच्याला हळूच विचारतो की खरंच असं काही झालं असेल का हो. हे गप्प बसणं मला चुकीचं वाटतं, देवाच्या दृष्टीनेही आणि शहराच्या दृष्टीनेही.

ह्या विषयावर बोलणारे बहुतेक दोन टोकांचे असतात, एक म्हणतात सगळं थोतांड आहे, दुसरे म्हणतात श्रद्धेचा विषय आहे, प्रश्नच विचारायचा नाही. माझं म्हणणं साधं आहे. एखाद्याला पहाटे देवी दिसली आणि काही बोलली, तर तो खोटं बोलतोय असं म्हणायला मी जाणार नाही, मला तो अधिकारही नाही आणि तशी इच्छाही नाही. पण तो दृष्टांत ज्याला झाला त्याच्यापुरता असतो. त्याच्या जोरावर त्याने दुसऱ्याकडे काही मागितलं, मग ती फूटपाथची जागा असो, वर्गणी असो, रिडेव्हलपमेंटमधला गाळा असो की नुसतं आमचं गप्प बसणं असो, की तो दावा झाला, आणि दावा म्हटला की चार लोक त्याला प्रश्न विचारणारच आणि त्यांनी विचारलेच पाहिजेत.

हा शब्दही हल्ली फार सैल वापरला जातो. साक्षात्कार म्हणजे माणसाचं आयुष्य बदलून टाकणारा अनुभव. दृष्टांत त्यामानाने छोटा, देवाने किंवा गुरूने स्वप्नात येऊन एखादी गोष्ट सांगणं. कौल हा आपण होऊन मागायचा असतो, आणि अंगात येणं ही चौथीच गोष्ट. आता हे सगळं एकाच पातेल्यात टाकून "देवाची इच्छा" म्हणून वाढलं जातं आणि कुठल्या गोष्टीला किती वजन द्यायचं ह्याचा हिशेबच राहिलेला नाही. आपल्या परंपरेत तो हिशेब होता आणि चांगला पक्का होता.

तुकोबांचंच बघा. त्यांना एक नाही दोन स्वप्नं पडली आणि दोन्ही त्यांनी अभंगात लिहून ठेवलीत. एकात गुरू भेटले, बाबाजी, "सांपडविलें वाटे जातां गंगास्नाना, मस्तकीं तो जाणा ठेविला कर", आणि पुढच्याच ओळीत "भोजना मागती तूप पावशेर, पडिला विसर स्वप्नामाजी". गुरूने जेवणासाठी पावशेर तूप मागितलं आणि स्वप्नातच त्याचा विसर पडला! मला ही ओळ फार मोठी वाटते. ज्याला आपल्या दृष्टांतावर दुकान मांडायचं असतं तो पावशेर तुपाचा विसर लिहून ठेवत नाही, तो तेज लिहितो, सुगंध लिहितो, आकाशवाणी लिहितो. तुकोबांनी जे घडलं ते घडलं तसं लिहिलं, आपल्याकडून सेवा राहून गेली ही हळहळ पण त्यातच आली. दुसऱ्या स्वप्नात नामदेव आले, बरोबर पांडुरंग, आणि काय सांगितलं तर "सांगितलें काम करावें कवित्व". काम सांगितलं! ज्याला दृष्टांत झाला त्यालाच काम सांगितलं, देहू गावाला काही सांगितलं नाही की तुकारामाला अमुक द्या, तमुक जागा सोडा. आणि ते काम त्यांनी केल्यावर लोकांनी त्याची परीक्षा घेतलीच की, विरोध केला, वह्या इंद्रायणीत बुडवायला लागल्या ही कथा तर सगळ्यांना माहीत आहे. मला स्वप्नात आज्ञा झालीये म्हणून माझ्या अभंगांना कुणी काही बोलायचं नाही, अशी सवलत तुकोबांना कुणी दिली नाही. अभंग टिकले ते लोकांच्या तोंडात बसले म्हणून.

दुसरं उदाहरण बहिणाबाईंचं, शिऊरच्या संत बहिणाबाई, आणि हे उदाहरण मी मुद्दाम घेतोय कारण जे लोक सगळ्याच दृष्टांतांना थोतांड म्हणून मोकळे होतात त्यांनी ह्याचा विचार करावा. ब्राह्मण घरातली, लहान वयात लग्न झालेली मुलगी, नवरा वेदपाठी आणि रागीट. कोल्हापुरात असताना तिने कीर्तनात तुकोबांचे अभंग ऐकले, ज्या वासराचा तिला लळा होता ते वासरू गेलं, ती दिवसच्या दिवस शुद्धीवर नव्हती आणि त्या अवस्थेत तिला तुकोबा दिसले आणि त्यांनी मंत्र दिला. आता विचार करा, त्या काळात ब्राह्मणाच्या बायकोला शूद्र मानलेल्या जातीतला गुरू उघडपणे करता आला असता का? कोण करू देणार होतं? जागेपणीचे सगळे दरवाजे बंद होते तेव्हा एक स्वप्नाचा दरवाजा उघडा राहिला, आणि त्यातून ती बाई आत गेली आणि तिने नवऱ्याचा मार खाल्ला पण सोडलं नाही. ज्यांच्या हातात ना पोथी ना पद ना पैसा, त्यांना आपल्या मनातलं खरं बोलायला दृष्टांताने जागा दिली हा आपला इतिहास आहे. म्हणून दृष्टांताची टिंगल केलेली मला आवडत नाही. पण बहिणाबाईंनी त्या दृष्टांताची किंमत स्वतः मोजली, दुसऱ्या कुणाकडून वसूल केली नाही, हे पण त्याच गोष्टीत आहे आणि ते सोडून चालणार नाही.

मुंबईला तर स्वप्नांचं शहर म्हणतातच, पण खरोखरच तिच्या कितीतरी देवस्थानांच्या मुळाशी स्वप्न आहे. महालक्ष्मीची कथा घ्या. हॉर्नबी नावाचा गव्हर्नर असताना, म्हणजे १७८० च्या आसपास, वरळीची खाडी बुजवून बांध घालायचं काम चाललं होतं, बांध पुन्हा पुन्हा कोसळत होता, मग रामजी शिवजी नावाच्या पाठारे प्रभू इंजिनिअरच्या स्वप्नात देवी आली, खाडीतून आमच्या मूर्ती बाहेर काढ म्हणाली, मूर्ती मिळाल्या, बांध उभा राहिला आणि देऊळ झालं. कथा म्हणून ही सगळ्यांना पाठ असते. पण तिच्यातला एक भाग कुणी सांगत नाही, तो म्हणजे मूर्ती मिळाल्यावर रामजीने सरकारकडे देवळासाठी जागा मागितली आणि सरकारने ती दिली. मागितली! बांधाच्या मधोमध त्याने देऊळ उभं केलं नाही. ज्या बांधावरून अख्खी मुंबई जाणार येणार होती तो बांध मोकळा राहिला आणि देवी टेकडीवर बसली. हाच भाग आज सगळ्यात जास्त कामाचा आहे. बांद्र्याच्या मोतमाउलीची, म्हणजे माउंट मेरीची, पण अशीच कथा सांगतात, एका कोळी बांधवाला स्वप्न पडलं की मूर्ती समुद्रात मिळेल, ती मिळाली, आणि आज सप्टेंबरमधल्या जत्रेला हिंदू, ख्रिश्चन, पारशी सगळे मेणबत्त्या घेऊन डोंगर चढतात. ह्या कथा घडल्या तशाच घडल्या का, ह्यावर मी वाद घालत नाही. ज्या लोकांनी त्या पिढ्यानपिढ्या सांगितल्या त्यांना दृष्टांत म्हणजे काय असतो आणि तो झालेल्याने कसं वागायचं असतं ह्याची समज होती एवढंच मला त्यात दिसतं.

कोकणातला कौल ज्यांनी बघितलाय त्यांना मी काय म्हणतोय ते लगेच कळेल. लालबाग, परळ, गिरगावात अर्धी माणसं कोकणातली, त्यामुळे बऱ्याच जणांनी बघितलाय. देवळात गुरव पाषाणाला पाणी लावतो, ओल्या दगडावर फुलाच्या पाकळ्या चिकटवतो, काही ठिकाणी तांदूळ लावतात, उजवीकडे काही, डावीकडे काही, मग गाऱ्हाणं सुरू होतं, "बा देवा महाराजा..." आणि प्रत्येक वाक्यामागे मागची मंडळी "व्हय महाराजा" म्हणतात. प्रश्न मोठ्याने विचारला जातो, सगळ्यांच्या समोर. मग नुसतं बघत बसायचं. कुणी बोलत नाही, पंख्याचा वारा लागू नये म्हणून कुणीतरी तो बंद करतो, म्हातारी माणसं डोळे बारीक करून पुढे वाकतात आणि एखादी पाकळी हळूहळू सुटायला लागते, अर्धी सुटून तशीच लोंबकळत राहते आणि सगळ्यांचा श्वास अडकतो, मग पडते. उजवी पडली की हो, डावी पडली की नाही. पटलं नाही तर पुन्हा लावतात, मानकरी आपसात बोलतात, प्रश्न नीट मांडला होता का ह्यावर पण चर्चा होते. तुम्ही म्हणाल हा पण गुरुत्वाकर्षणाचाच खेळ आहे, असेल. पण त्याची रचना बघा ना. प्रश्न उघड, उत्तर उघड, साक्षीदार अख्खा गाव, आणि देव काय म्हणाला हे एकट्या माणसाच्या तोंडून ऐकायचं नाही, सगळ्यांनी आपल्या डोळ्यांनी बघायचं. त्या जुन्या लोकांना देवावर विश्वास होता आणि माणसाच्या लबाडीची पण पूर्ण कल्पना होती.

आता हे सगळं मुंबईच्या फूटपाथवर आल्यावर काय होतं ते बघू. आधी भिंतीवर देवांच्या चित्रांच्या टाईल्स लागतात, लोकांनी तिथे घाण करू नये म्हणून, आणि त्याला कुणाची हरकत नसते. मग पिंपळाच्या नाहीतर वडाच्या बुंध्याशी कुणीतरी घरातला भंगलेला फोटो आणून ठेवतो, विसर्जन करायला वेळ नसतो म्हणून. मग एखाद्या दगडाला शेंदूर लागतो. मग एक दिवस कळतं की अमक्याला दृष्टांत झाला, देव इथे आधीपासूनच होता, स्वयंभू आहे, जागृत आहे. त्याच्यानंतर कट्टा, पत्रा, ग्रिल, मार्बल, ट्यूबलाइट, ती पण बाजूच्या खांबावरून ओढलेली, आणि शेवटी स्टीलची दानपेटी आणि तिला भलंमोठं कुलूप. पहिल्या दिवसापासून ते कुलपापर्यंत प्रत्येक पायरीवर कुणी ना कुणी मनापासून हात जोडलेले असतात, त्यांची श्रद्धा खरी असते, त्यांच्याबद्दल मला एक शब्दही वाईट बोलायचा नाही. पण ती पेटी उघडतो कोण, किल्ली कुणाकडे आहे, पावती कोण देतं, हे तिथल्या भाविकाला विचारलं तर त्याला माहीत नसतं. आणि आमच्या इथे अशाच एका वळणावर गुडघ्याचं ऑपरेशन झालेल्या बायका फूटपाथ सोडून बसच्या चाकाच्या बाजूने चालतात, काठी टेकत, आणि चालता चालता देवाला नमस्कार करतात. हे चित्र मला बघवत नाही. कुठल्या देवाला हे आवडेल?

सुप्रीम कोर्टाने २९ सप्टेंबर २००९ ला आदेश दिला की सार्वजनिक रस्ते, बागा आणि सार्वजनिक जागांवर मंदिर, चर्च, मशीद, गुरुद्वारा असं कुठल्याच नावाने नवीन अनधिकृत बांधकाम होऊ द्यायचं नाही. जी आधीची आहेत त्यांचा राज्यांनी एकेक करून विचार करायचा. त्याच्यावर महाराष्ट्र सरकारने २०११ मध्ये शासन निर्णय काढून अ, ब, क असे वर्ग केले, काही नियमित करायची, काही काढायची, काही दुसरीकडे हलवायची. मला हा मार्ग योग्य वाटतो, कारण सगळी देवळं एका मापाने मोजता येत नाहीत. कोळीवाड्यातली देवी, गावठाणातली गावदेवी, ह्या मुळात रस्त्याच्या आधीच्या आहेत, तिथे देव रस्त्यात आलेला नाही, रस्ता देवाच्या दारात आलाय. त्यांना अतिक्रमण म्हणणं म्हणजे ह्या शहराच्या मूळ माणसांचा अपमान आहे. म्हणून तर तपासायला पाहिजे ना, जुने नकाशे, सिटी सर्व्हेचे उतारे, म्हाताऱ्या माणसांच्या आठवणी. जे खरंच जुनं आहे ते तपासणीत टिकतंच. तपासणीला घाबरतं ते कालपरवाचं, आणि त्यालाच दृष्टांताचा आधार जास्त लागतो.

ज्यांना वाटतं की असे प्रश्न विचारणं म्हणजे कालपरवाचं पाश्चात्य फॅड आहे त्यांनी गिरगावचा इतिहास वाचावा. देव माणसाशी बोलतो का, बोलला तर कुणाशी, आणि ते बाकीच्यांनी का मानायचं, ह्या प्रश्नावर मुंबईत मराठी माणूस १८३१ पासून जाहीर वाद घालतोय, तेव्हा मोरभट दांडेकर जॉन विल्सन ह्या मिशनऱ्याच्या समोर उभे राहिले होते. त्याच्यानंतरचे विष्णुबुवा ब्रह्मचारी तर मला ह्या विषयातले सगळ्यात महत्त्वाचे वाटतात. हा माणूस सप्तशृंगीच्या गडावर तप करायला गेला, तिथे आपल्याला साक्षात्कार झाला आणि वैदिक धर्माची बाजू मांडायची आज्ञा झाली असं ते सांगत. बरं मग त्यांनी काय केलं? १८५७ मध्ये जानेवारी ते मे, गिरगावच्या समुद्रकिनारी मिशनऱ्यांशी जाहीर वाद केला, हजारो लोकांच्या समोर, वाळूत. समोरचा प्रश्न विचारणार, ते उत्तर देणार, मग ते विचारणार. साक्षात्कार झाल्याचं सांगणारा माणूस स्वतःहून चौपाटीवर येऊन म्हणतो की या, विचारा मला काय विचारायचं ते! आज साक्षात्काराचा दावा करणाऱ्या कुठल्याही महाराजांकडून आपण इतकी अपेक्षा तरी ठेवतो का?

आणि पुढे दहा वर्षांनी, १८६७ ला, त्याच गिरगावच्या परिसरात प्रार्थना समाज निघाला, आत्माराम पांडुरंग, मागून न्यायमूर्ती रानडे, डॉ. भांडारकर वगैरे मंडळी, आणि त्यांच्या तत्त्वांमध्ये स्पष्ट होतं की देव अवतार घेत नाही आणि कुठलाही एक ग्रंथ ईश्वरप्रणीत नाही. तर १८७५ च्या एप्रिलमध्ये स्वामी दयानंदांनी मुंबईतच आर्य समाज स्थापन केला, गिरगावातच, ज्यांचा पायाच मुळी वेद हे ईश्वरी ज्ञान आहे हा. आजही प्रार्थना समाजच्या नाक्यावरून काकडवाडीच्या आर्य समाजापर्यंत तुम्ही चालत जाऊ शकता. दोन पूर्ण उलट मतं, चालत जाण्याच्या अंतरावर, आणि दोघांनी एकमेकांची डोकी फोडली नाहीत, व्याख्यानं दिली, लेख लिहिले. त्यात ज्या प्रार्थना समाजाने ईश्वरप्रणीत ग्रंथ नाकारला त्याच समाजाच्या उपासनेत तुकोबांचे अभंग गायले जात, म्हणजे स्वप्नातल्या आज्ञेवरून लिहिलेले तेच अभंग. ते गाणाऱ्यांना स्वप्न मानायची सक्ती नव्हती आणि अभंग पटायला अडचणही नव्हती. महात्मा फुल्यांनी आपल्या शेवटच्या पुस्तकात तर असं कुटुंब कल्पिलंय की ज्यात बाई बौद्ध, नवरा ख्रिस्ती, मुलगी मुसलमान आणि मुलगा सत्यधर्मी, आणि सगळे एका घरात प्रेमाने राहतात. प्रत्येकाला जे पटलं ते त्याचं.

थॉमस पेन हा इंग्रज विचारवंत, ज्याचं लेखन फुल्यांनी वाचलं होतं, त्याने १७९४ मध्ये हाच मुद्दा ख्रिस्ती धर्माबाबत मांडला होता की ज्याला देवाने प्रत्यक्ष सांगितलं त्याच्यासाठी ते प्रकटीकरण, त्याने दुसऱ्याला सांगितलं की दुसऱ्यासाठी ती ऐकीव गोष्ट. पेन चर्चच्या विरोधात होता. पण गंमत बघा, हा मुद्दा मानायला धर्मविरोधी असावं लागत नाही, कारण स्वतः धर्मांनीच आपापल्या परीने हे दार लावून ठेवलंय. कॅथलिक चर्च खाजगी प्रकटीकरण हे मूळ श्रद्धेचा भाग मानत नाही, फ्रान्समधल्या लूर्दला झालं तसं चर्चने मान्य केलेलं मेरीमातेचं दर्शन असलं तरी ते मानायची कॅथलिक माणसावर सक्ती नाही. मे २०२४ मध्ये तर व्हॅटिकनने नवीन नियम काढले आणि अशा घटनांना सरसकट अलौकिक म्हणून शिक्का मारायचा नाही असं ठरवलं. इस्लाममध्ये वही, म्हणजे अल्लाहचा थेट संदेश, ही पैगंबरांवरच संपली, एखाद्या वलीच्या, म्हणजे सत्पुरुषाच्या, मनात आलेला इल्हाम, म्हणजे आतली प्रेरणा, त्याच्यापुरता, तो शरियतचा पुरावा होत नाही असं बहुतेक उलेमा मानतात. आणि आपल्याकडे वेदांना अपौरुषेय म्हणतात, म्हणजे वेदांचा अर्थ लावणाऱ्या मीमांसकांच्या मते ते कुणी रचलेच नाहीत, माणसाने नाही आणि देवानेही नाही, ऋषींना ते फक्त दिसले. ह्या मताबद्दल तुमचं काहीही म्हणणं असो, त्यात एक गोष्ट पक्की आहे की उद्या कुणी उठून "मला नवीन वेद दिसला" असं म्हणू शकत नाही. सगळ्या धर्मांना अनुभवाने कळलेलं होतं की हे दार सताड उघडं ठेवलं तर आत कोण कोण शिरेल. फक्त आपल्या फूटपाथवर ते उघडं आहे.

मुंबईने अलीकडे पण अशा घटना बघितल्यात. २१ सप्टेंबर १९९५ ला गणपती दूध प्यायला, देवळांबाहेर रांगा लागल्या, ऑफिसं ओस पडली. पृष्ठताणामुळे चमच्यातलं दूध मूर्तीला टेकल्यावर ओढलं जातं आणि पातळ थर होऊन खाली उतरतं, हे शास्त्रज्ञांनी त्याच दिवसांत रंगीत दूध वापरून दाखवलं. ऑगस्ट २००६ मध्ये माहीमच्या समुद्राचं पाणी गोड झालं अशी बातमी पसरली, मखदूम अली माहिमींचा चमत्कार म्हणून हजारो माणसं रात्रीतून किनाऱ्यावर आली, बाटल्या भरल्या, लहान पोरांना पाजलं. पावसाळ्यात मिठी नदीचं पाणी त्या खाडीत उतरतं आणि मिठी नदीत काय काय असतं हे मुंबईकराला सांगायला नको. पालिका पिऊ नका म्हणून सांगत होती. मखदूम अली माहिमी हे चौदाव्या पंधराव्या शतकातले थोर विद्वान, कुराणावर अरबीत भाष्य लिहिणारे, त्यांच्या नावावर लोकांनी गटाराचं पाणी प्यावं हा त्यांचा मान आहे का? त्या रात्री किनाऱ्यावर उभं राहून "हे पाणी पोराला पाजू नका" म्हणणारा माणूस श्रद्धेचा शत्रू नव्हता, त्या पोराचा मित्र होता.

आणि २०१२ मध्ये विलेपार्ल्याच्या इर्ला भागात एका क्रुसावरच्या येशूच्या पायातून पाणी झिरपायला लागलं, सनल एडामरुकु ह्या रॅशनलिस्टने येऊन बघितलं आणि सांगितलं की बाजूच्या तुंबलेल्या ड्रेनेजचं पाणी भिंतीतून वर चढतंय. त्याच्यावर मुंबईत भावना दुखावल्याच्या तक्रारी झाल्या आणि तो देश सोडून फिनलंडला गेला. पाणी कुठून येतंय हे सांगणाऱ्याला देश सोडावा लागतो ही गोष्ट मला आजही टोचते. चौपाटीवर विष्णुबुवांना आणि मिशनऱ्यांना जेवढं मोकळं बोलता येत होतं तेवढंही दीडशे वर्षांनी बोलता येऊ नये?

डॉ. नरेंद्र दाभोलकरांचा २० ऑगस्ट २०१३ ला पुण्यात खून झाला आणि त्याच्यानंतर जादूटोणाविरोधी कायदा झाला. त्याच्याबद्दल अजूनही लोक म्हणतात की हा कायदा श्रद्धेच्या विरोधात आहे, तर त्यांनी तो एकदा वाचावा, फार मोठा नाहीये. यात्रा, प्रदक्षिणा, कीर्तन, भजन ह्या सगळ्याला त्यात स्पष्ट मोकळीक आहे, दिवंगत संतांचे चमत्कार सांगायला पण मोकळीक आहे. गुन्हा कधी होतो, तर चमत्काराचा देखावा करून लोकांना फसवलं, त्याच्यातून पैसे काढले, अंगात अतींद्रिय शक्ती संचारल्याचं भासवून दुसऱ्याच्या मनात भीती घातली की. म्हणजे दृष्टांत झाला म्हणणाऱ्याला कायदा काहीच करत नाही, त्या नावावर दुसऱ्याचं नुकसान केलं तर धरतो. माझं जे म्हणणं आहे तेच विधिमंडळाने कलमांत लिहिलंय.

अशा वेळी दर वेळी एक प्रश्न येतो, तुम्ही फक्त आमच्याच देवांना नियम सांगता, त्यांना का नाही. ह्याचं उत्तर सरळ आहे, सगळ्यांना सांगायचं. रस्त्यावरचं देऊळ असो, क्रूस असो, पीर असो, नियम एकच. आणि "त्यांचं आधी काढा मग आमचं" हा खेळ ज्याला काहीच व्हायला नको असतं तोच खेळतो. आपल्या देवाची जागा स्वच्छ आणि कायदेशीर असावी असं आपल्याला वाटायला दुसऱ्याची वाट कशाला बघायची?

मग आपण करायचं काय, तर माझ्या मते तीन गोष्टी सहज होण्यासारख्या आहेत. दानपेटी आली की ट्रस्ट रजिस्टर झालाच पाहिजे, सार्वजनिक विश्वस्त व्यवस्थेचा कायदा १९५० पासून आहे, धर्मादाय आयुक्तांचं ऑफिस वरळीत आहे, हिशेब तिथे जाऊ देत आणि देवळाच्या भिंतीवर पण लागू देत, म्हणजे मावशींनी टाकलेले दहा रुपये कुठे गेले ते मावशींना कळेल. सोसायटीच्या किंवा मंडळाच्या मीटिंगमध्ये दृष्टांताचा विषय निघाला की मिनिट्समध्ये लिहून घ्यायचं, कुणाला झाला, काय सांगितलं आणि त्यासाठी इतरांकडून काय मागितलं जातंय. बऱ्याच वेळा एवढं लिहायला घेतलं तरी मागणी खाली येते. आणि कुणी प्रश्न विचारला तर त्याला नास्तिक, धर्मद्रोही म्हणून गप्प करायचं नाही, उलट त्याला अध्यक्षांनी बोलायला वेळ द्यायचा.

ज्याला खरंच दृष्टांत झालाय त्याचं काय, असं मला माझ्याच घरातल्यांनी विचारलं. त्याने देवीला देव्हाऱ्यात बसवावं, रोज दिवा लावावा, जे काम सांगितलं असेल ते करावं, अन्नदान सांगितलं असेल तर आपल्या पगारातून करावं. देऊळच बांधायचं असेल तर रामजी शिवजीसारखा अर्ज करावा आणि जागा मागावी, मिळाली तर वर्गणी काढावी, सगळ्यात आधी मी देईन.